नायिका आणि खलनायिका : शशिकला यांच्या भूमिकांवरून एक विचार

हिंदी चित्रपटातील प्रमुख अभिनेत्रींच्या परस्परसंबंधांचा विषय निघाला की प्रथम चर्चा होते ती स्पर्धेची. तथापि कथेतील विरोध, व्यवसायातील चढाओढ आणि लोकमानसातील प्रतिमा या तीन भिन्न गोष्टी होत. त्यांची गल्लत झाली म्हणजे अभिनयाचे मूल्यमापन सदोष ठरते. सोलापूर येथे जन्मलेल्या शशिकला जवळकर यांची कारकीर्द या दृष्टीने उद्बोधक आहे.

वडिलांच्या व्यवसायास उतरती कळा लागल्यावर हे कुटुंब मुंबईस आले. तेथे शशिकला यांना पहिला आधार मिळाला तो एका श्रेष्ठ अभिनेत्रीचाच. नूरजहाँ यांच्या साहाय्याने त्यांना ‘झीनत’ (१९४५) या चित्रपटातील कव्वालीच्या दृश्यात स्थान मिळाले. अर्थात त्यांच्या कारकिर्दीचा आरंभ स्पर्धेतून नव्हे, तर सहकार्यातून झाला.

पुढे बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’त (१९५९) त्यांनी रमाची भूमिका केली. रमासाठी योजलेला वर सुजातेवर, म्हणजे नूतन यांनी साकारलेल्या नायिकेवर, अनुरक्त होतो. मत्सरास एवढे सबळ कारण असूनही रमेचा तिच्यावरील स्नेह ढळत नाही. विरोधाची बीजे कथेत असली तरी तो घडलाच पाहिजे असे नाही, हे या भूमिकेवरून दिसते.

परंतु लोकप्रतिमा घडली ती निराळ्याच भूमिकांनी. ‘आरती’मध्ये (१९६२) मीनाकुमारी यांच्या नायिकेविरुद्ध घरात कलह माजविणारी स्त्री आणि ‘गुमराह’मध्ये (१९६३) माला सिन्हा यांच्या नायिकेस धमकावून पैसे उकळणारी लीला, या दोन्ही भूमिकांबद्दल शशिकला यांना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक लाभले. या गौरवाने त्यांची कीर्ती वाढली, तशीच खलनायिकेची मुद्राही दृढ झाली.

येथे एक तत्त्व ध्यानी घ्यावयास हवे. नायिकेचे सोशिकपण प्रेक्षकास जाणवते ते तिला छळणाऱ्या पात्रामुळे. पडद्यावर दिसणारे वैर हे वस्तुतः दोन अभिनेत्रींचे संयुक्त कार्य होय. मात्र त्याची फळे समान वाटली जात नाहीत. सहानुभूती एकीच्या वाट्यास येते, रोष दुसरीच्या. आणि हा रोष पात्राबरोबर न संपता अभिनेत्रीच्या नावास चिकटून राहतो.

हे वैर अपरिहार्य नाही, हे हृषीकेश मुखर्जी यांच्या ‘अनुपमा’वरून (१९६६) स्पष्ट होते. तेथे शर्मिला टागोर यांच्या अबोल नायिकेशेजारी शशिकला यांची बोलकी, खेळकर ॲनी उभी आहे. विरोध येथेही आहे. पण तो स्वभावांचा आहे, हितसंबंधांचा नव्हे. एकीच्या बोलकेपणाने दुसरीचे मौन अधिक अर्थपूर्ण होते.

शशिकला यांनी पुढे काही काळ मदर तेरेसा यांच्या संस्थेत सेवाकार्य केले. २००७ साली त्यांना पद्मश्री प्राप्त झाली आणि २०२१ साली त्यांचे निधन झाले. पडद्यावरील प्रतिमेच्या आधारे व्यक्तीविषयी अनुमान करणे किती अपुरे असते, याची साक्ष हे जीवन देते. यास्तव अभ्यासकाने अभिनेत्रींच्या स्पर्धेचा विचार करताना त्या परस्परांशी कशा वागल्या याआधी कथेने त्यांना कोणत्या जागी उभे केले होते, हा प्रश्न विचारणे अगत्याचे आहे.