स्लाव: चौलचा व्यापारी आणि वळिवड्याची छावणी

दहाव्या शतकाच्या आरंभी अल-मसूदी हा अरब प्रवासी कोकणातील सैमूर बंदरात आला होता. सैमूर म्हणजे आजचे चौल. पनवेलहून पेण, वडखळ, अलिबाग या मार्गाने निघाल्यास रेवदंड्याच्या अलीकडे हे गाव लागते. याच मसूदीने आपल्या ग्रंथात युरोपच्या उत्तरेकडील ‘सकालिबा’ नावाच्या लोकसमूहाचे, त्यांच्या टोळ्यांचे आणि देवालयांचे वर्णन केले आहे. अरब लेखक ज्यांना सकालिबा म्हणत, तेच स्लाव होत. पुढे सुमारे साडेपाचशे वर्षांनी एक स्लाव व्यापारी चौललाच गलबतातून उतरला, आणि विसाव्या शतकात हजारो स्लाव स्त्रिया व मुले कोल्हापूरजवळ येऊन राहिली. स्लाव संस्कृतीच्या दोन मुख्य धारा आहेत: एक पूर्वेकडील ऑर्थोडॉक्स, दुसरी पश्चिमेकडील कॅथलिक. महाराष्ट्राच्या भूमीवर दोहोंच्या खुणा उमटाव्यात, हा योग लक्षणीय आहे.

स्लावांचा पहिला निश्चित उल्लेख इ. स. सहाव्या शतकातील बायझंटाईन लेखनात येतो. प्रोकोपियस आणि जॉर्डानेस या दोघांनी डॅन्यूब नदीच्या उत्तरेला राहणाऱ्या ‘स्क्लावेनी’ आणि ‘अँटी’ या टोळ्यांची नोंद केली आहे. त्यांची मूळ भूमी नीपर आणि व्हिस्टुला या नद्यांच्या दरम्यानच्या अरण्यमय, दलदलीच्या प्रदेशात असावी, असे बहुतेक अभ्यासक मानतात. तेथून सहाव्या-सातव्या शतकांत त्यांचा विस्तार पश्चिमेस एल्बेपर्यंत, दक्षिणेस बाल्कनपर्यंत आणि पूर्वेस व्होल्गाच्या उगमाकडे झाला. एवढ्या प्रदेशावर पसरल्यावर एक भाषा एक राहणे शक्य नव्हते. आज स्लाव भाषांच्या तीन शाखा मानल्या जातात. पूर्व शाखेत रशियन, युक्रेनियन आणि बेलारूशियन. पश्चिम शाखेत पोलिश, चेक, स्लोव्हाक, काशुबियन आणि जर्मनीत टिकून राहिलेल्या दोन सोर्बियन भाषा. दक्षिण शाखेत स्लोव्हेनियन, क्रोएशियन, सर्बियन, बोस्नियन, माँटेनेग्रिन, मॅसेडोनियन आणि बल्गेरियन. या भाषा बोलणाऱ्यांची संख्या तीस कोटींच्या आसपास आहे.

या भाषा इंडो-युरोपीय कुलातील आहेत, म्हणजे मराठीच्या दूरच्या नातलग. रशियनमधील ‘द्वा’, ‘त्री’, ‘ब्रात’, ‘अगोन्’, ‘व्दवा’ हे शब्द ऐकताच दोन, तीन, भ्राता, अग्नी, विधवा आठवतात. परंतु शब्दसाम्याच्या याद्या कितीही आकर्षक वाटल्या, तरी नात्याचा खरा पुरावा व्याकरणात सापडतो. पोलिशमध्ये सात विभक्ती आहेत, रशियनमध्ये सहा; उलट बल्गेरियनमध्ये नामांच्या विभक्ती जवळजवळ झडून गेल्या आहेत. संस्कृतातील द्विवचन मराठीने केव्हाच टाकले. स्लोव्हेनियन आणि सोर्बियन यांनी मात्र ते अजून जपले आहे. पुल्लिंग, स्त्रीलिंग आणि नपुंसकलिंग अशी तीन लिंगे स्लाव भाषांत नांदतात. हिंदी भाषकाला त्यातील नपुंसकलिंग नव्याने शिकावे लागते. मराठी विद्यार्थ्याचे तेवढे कष्ट वाचतात. क्रियापदांतील ‘पूर्ण’ आणि ‘अपूर्ण’ या अंगांचा भेद मात्र त्यालाही घाम फोडतो, कारण तेथे एकाच क्रियेसाठी बहुधा दोन निरनिराळी क्रियापदे पाठ करावी लागतात.

लिपीचा इतिहास धर्माच्या इतिहासाशी जोडलेला आहे. इ. स. ८६३ मध्ये थेस्सलोनिका येथील सिरिल आणि मेथोडियस हे दोन बंधू मोराव्हियात धर्मप्रसारासाठी गेले. स्लाव भाषेत ख्रिस्ती ग्रंथ उतरविण्यासाठी त्यांनी ‘ग्लागोलिती’ नावाची लिपी घडविली. त्यांच्या शिष्यपरंपरेने बल्गेरियात ग्रीक अक्षरांच्या आधारे दुसरी, अधिक सोपी लिपी रूढ केली आणि तिला सिरिलचे नाव मिळाले. पोलंडने ९६६ मध्ये रोमचा पंथ स्वीकारला आणि त्याबरोबर रोमन लिपी आली. कीव्हचा राजा व्लादिमीर याने ९८८ मध्ये कॉन्स्टँटिनोपलचा पंथ स्वीकारला आणि रशियन, युक्रेनियन, बेलारूशियन यांच्या वाट्याला सिरिलिक लिपी आली. सर्बियन आणि क्रोएशियन या बोलण्यात अगदी जवळच्या भाषा. तरी क्रोएशियन प्रामुख्याने रोमन लिपीत, तर सर्बियन सिरिलिक व रोमन अशा दोन्ही लिपींत लिहिली जाते. कोकणी देवनागरीत, रोमीत आणि कन्नडमध्ये लिहिली गेलेली पाहणाऱ्याला हा प्रकार समजावून सांगण्याची गरज नाही.

ख्रिस्तीकरणापूर्वीच्या स्लाव धर्माविषयी लिखित साधने थोडी आहेत आणि तीही बहुतेक विरोधकांच्या हातची. स्लाव देवांमध्ये मेघगर्जनेचा देव पेरून हा प्रमुख. काही अभ्यासक त्याचा संबंध वैदिक पर्जन्याशी जोडतात. गुराढोरांचा आणि संपत्तीचा देव वेलेस, स्त्रियांची व सूतकताईची देवता मोकोश, हीही नावे आढळतात. व्लादिमीरने ९८० मध्ये कीव्हच्या टेकडीवर पेरूनची मूर्ती उभारली आणि आठच वर्षांनी तीच मूर्ती नीपर नदीत लोटून दिली. बाल्टिक समुद्रातील र्यूगेन बेटावरचे स्वांतोवित या देवाचे देवालय ११६८ मध्ये डेन्मार्कच्या सैन्याने पाडले.

देव गेले, पण ऋतुचक्राचे विधी गेले नाहीत. चर्चने त्यांना आपल्या वर्षाच्या चौकटीत बसवून घेतले. हिवाळ्याच्या ऐन मध्यात दारोदार गात जाण्याची ‘कोल्याडा’ची प्रथा नाताळाशी जुळली. पोलंडमध्ये वसंताच्या आरंभी ‘मझान्ना’ नावाची गवताची बाहुली जाळून किंवा नदीत बुडवून हिवाळ्याला निरोप देतात. रशियात महाउपवासाच्या आधीच्या आठवड्यात ‘मास्लेनित्सा’ साजरी होते आणि घरोघरी लोण्यात भाजलेली पातळ धिरडी खाल्ली जातात, कारण पुढचे सात आठवडे मांस, दूध, अंडी सारे वर्ज्य असते. उन्हाळ्याच्या मध्यावर ‘कुपाला’च्या रात्री तरुण-तरुणी शेकोटीवरून उड्या मारतात. ईस्टरला अंडी रंगविण्याची कला तर लोककलेचा स्वतंत्र विभाग ठरावी. वितळलेले मेण बारीक नळीने अंड्यावर रेखतात, अंडे पिवळ्या रंगात बुडवितात. पुन्हा मेण, मग लाल रंग. पुन्हा मेण, मग गडद रंग. शेवटी अंडे दिव्याजवळ धरून मेण पुसून काढले, की थराथराने झाकलेले सारे रंग एकदम उघडे पडतात. दक्षिण स्लावांमध्ये ‘झाद्रुगा’ नावाची एकत्र कुटुंबपद्धती होती: जमीन सामाईक, चूल एक, आणि कारभार एका कर्त्याकडे. पाहुण्याचे स्वागत पाव आणि मीठ पुढे करून करण्याची चाल आजही पाळली जाते.

हे उपवास आणि सण स्लाव माणसाच्या मनात किती खोल रुजलेले होते, याचा साक्षीदार रायगड जिल्ह्यात उतरला होता. अफनासी निकितिन हा व्होल्गाकाठच्या त्वेर शहराचा व्यापारी. शिरवानला (आजच्या अझरबैजानमध्ये) परतणाऱ्या तेथील राजदूताबरोबर तो नदीमार्गाने निघाला. आस्त्राखानजवळ तातारांनी त्याला लुटले. मालाबरोबर त्याची धर्मपुस्तकेही गेली. कर्ज डोक्यावर असल्याने रिकाम्या हाताने परतण्यापेक्षा तो पुढे सरकत राहिला: दरबंद, बाकू, इराण, होर्मुझ. तेथे त्याने एक घोडा घेतला, कारण दख्खनमध्ये घोड्यांना मोठी किंमत येते हे त्याने ऐकले होते. इ. स. १४७० च्या सुमारास, वास्को द गामाच्या आधी पाव शतकाहून अधिक काळ, घोडे वाहणाऱ्या गलबतातून तो चौलला पोहोचला.

चौलमध्ये त्याच्या नजरेत भरले ते उघड्या अंगाने वावरणारे लोक आणि त्यांच्या केसांच्या वेण्या. लोकांच्या नजरेत भरला तो स्वतः: गोऱ्या माणसामागून घोळके फिरत असल्याचे त्याने नोंदवले आहे. तेथून पालीच्या वाटेने, पुढे घाट चढून तो जुन्नरला गेला. चार महिने रात्रंदिवस पाऊस आणि चिखल, हे सह्याद्रीच्या पावसाळ्याचे त्याचे वर्णन आजच्या घाटमाथ्यावरही खरे ठरेल. घोड्यांना चणे घालतात आणि साखर व तेल घालून शिजविलेली खिचडी चारतात, हे त्याने आवर्जून लिहून ठेवले. अशी बारकाव्याने टिपलेली माहिती व्यापाऱ्याच्याच लेखणीतून उतरते. राजदूत सहसा तबेल्यात डोकावत नाहीत.

जुन्नरचा सुभेदार असद खान याने त्याचा घोडा काढून घेतला आणि अट घातली: इस्लाम स्वीकारलास तर घोडा आणि हजार मोहरा मिळतील, नाही तर घोडाही जाईल आणि दंडही भरावा लागेल. मुदत चार दिवसांची. ती संपण्याच्या सुमारास ख्वाजा महंमद नावाच्या एका खुरासानी माणसाने मध्यस्थी केली आणि घोडा परत मिळवून दिला. हे ख्रिस्ताच्या सणाच्या आदल्या दिवशी घडले, हे निकितिनने आठवणीने नमूद केले आहे. पुढे तो बहमनी राजधानी बीदरला गेला. आपण मुसलमान नसून ख्रिस्ती आहोत, असे त्याने तेथील हिंदूंना सांगितले, तेव्हापासून ते आपले खाणेपिणे आणि पूजाअर्चा त्याच्यापासून लपवेनासे झाले. त्याचे खरे दुःख निराळेच होते. ईस्टरची तिथी चंद्रावर अवलंबून दरवर्षी बदलते आणि ती काढण्याची पुस्तके तातारांनी नेली होती. मग तो कृत्तिका आणि मृगाकडे पाहून, मुसलमानांच्या सणांवरून उलटा हिशेब मांडून ईस्टर अंदाजाने ठरवू लागला. महाउपवास चुकू नये म्हणून मुसलमानांबरोबर त्याने महिनाभर उपवासही धरला. शेवटी तो दाभोळहून जहाजाने परतीला लागला आणि त्वेरला पोहोचण्यापूर्वीच स्मोलेन्स्कजवळ मरण पावला. त्याच्या वह्यांची नक्कल रशियन बखरींत शिरली. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी इतिहासकार करामझिनने ती उजेडात आणली. तिचे शीर्षक ‘तीन समुद्रांपलीकडचा प्रवास’. १९५७ मध्ये ख्वाजा अहमद अब्बास यांनी सोव्हिएत सहकार्याने याच प्रवासावर ‘परदेसी’ हा चित्रपट काढला. रेवदंड्यात निकितिनच्या स्मरणार्थ काळ्या दगडाचा स्तंभ उभा आहे.

पश्चिम स्लावांची हकीकत याहून दुःखद आहे. सप्टेंबर १९३९ मध्ये जर्मनी आणि सोव्हिएत संघ यांनी पोलंड वाटून घेतला. त्याच्या पूर्व भागातील लक्षावधी नागरिकांना १९४० आणि १९४१ मध्ये गुरांच्या डब्यांतून सैबेरिया आणि कझाकस्तानात नेण्यात आले. जर्मनीने रशियावर हल्ला केल्यावर जुलै १९४१ मध्ये करार होऊन त्यांची सुटका झाली. पोलिश जनरल आंदेर्स यांच्या सैन्याबरोबर यांपैकी अनेक जण १९४२ मध्ये इराणात आले आणि तेथून जगभर विखुरले. नवानगरचे जामसाहेब दिग्विजयसिंहजी यांनी बालाचडी येथे पोलिश मुलांना आश्रय दिला, ही कथा सर्वपरिचित आहे. त्या मानाने कोल्हापूरची कथा मोठी असूनही कमी सांगितली गेली.

कोल्हापूर संस्थानातील वळिवडे येथे १९४३ मध्ये छावणी सुरू झाली. तेथे सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित राहिले. बहुतांश स्त्रिया, मुले आणि वृद्ध, कारण धडधाकट पुरुष आघाडीवर होते. बराकींच्या रांगा, चर्च, शाळा, दवाखाना, नाट्यगृह, बालवीर पथके असे छोटे पोलिश गावच तेथे वसले. मुलांचे शिक्षण पोलिशमधून झाले आणि वर्ष कॅथलिक सणवारांनुसार चालले. क्षयरुग्ण आणि अशक्त यांना पाचगणीच्या हवेत ठेवीत. १९४८ मध्ये छावणी बंद झाली, तेव्हा बहुतेकांना घरी परतणे शक्य नव्हते. त्यांचा मूळ प्रदेश युद्धानंतर सोव्हिएत संघात गेला होता. आज तो युक्रेन, बेलारूस आणि लिथुआनिया या देशांत विभागलेला आहे. त्यामुळे पुष्कळ जण ब्रिटनकडे वळले. एका मुलीने कोल्हापुरातच लग्न करून आपले आयुष्य तेथे काढले. छावणीच्या जागेवर फाळणीनंतर आलेल्या सिंधी निर्वासितांची वसाहत झाली आणि तिचेच आज गांधीनगर झाले आहे. कोल्हापूरच्या महावीर उद्यानात पोलिश लोकांनी कृतज्ञतेचा स्तंभ उभारला. ख्रिस्ती दफनभूमीत पोलिश नावांची थडगीही आहेत. वॉर्सा शहरात २०१७ मध्ये कोल्हापूरचे स्मारक झाले.

उलट दिशेने झालेली ये-जा लहान असली तरी उपेक्षणीय नाही. अण्णा भाऊ साठे १९६१ मध्ये सोव्हिएत संघात गेले आणि त्या प्रवासावर त्यांनी ‘माझा रशियाचा प्रवास’ हे पुस्तक लिहिले. २०२२ मध्ये मॉस्कोच्या परकीय साहित्याच्या ग्रंथालयात त्यांचा पुतळा बसविण्यात आला. मराठीचा अभ्यास करणारे स्लाव विद्वानही आहेत. तात्याना कातेनिना यांनी १९६३ मध्ये रशियनमधून मराठीच्या व्याकरणाची रूपरेषा प्रसिद्ध केली. मॉस्कोच्या इरिना ग्लुश्कोवा यांनी वारकरी परंपरेचा अभ्यास केला, तर स्लोव्हाकियाचे दुशान देआक हे महाराष्ट्रातील संतपरंपरेवर, विशेषतः शेख महंमदांवर, लिहीत आले आहेत.