‘सुशीला’ : एका न्याहारीच्या नावाचा अर्थ, व्युत्पत्ती आणि उपयोजन

प्रस्तावना

धाराशिव (पूर्वीचा उस्मानाबाद) जिल्ह्यातील ढोकी हे कुर्डुवाडी–लातूर लोहमार्गावरील गाव. या गावात आणि एकूणच मराठवाड्याच्या दक्षिण भागात सकाळच्या न्याहारीला ‘सुशीला’ केला जातो. पुण्या-मुंबईकडून प्रथमच आलेल्या पाहुण्यास ‘सुशीला खाणार का?’ असे विचारले असता तो क्षणभर गोंधळतो, घरातील मंडळी हसतात आणि थोड्याच वेळात त्याच्यासमोर ओलसर, पिवळसर चुरमुऱ्यांची बशी येते. या गमतीपलीकडे जाऊन या नावाचा विचार भाषेच्या दृष्टीने सहसा केला जात नाही. स्त्रीचे नाव एका पदार्थास कसे मिळाले, एवढाच प्रश्न विचारला जातो. मुळात हा प्रश्नच चुकीच्या जागी उभा आहे, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे. या नावाचा संस्कृत चेहरा उत्तरकालीन असून त्याचे व्याकरण आणि त्याचा भूगोल वेगळीच साक्ष देतात.

पदार्थाचे स्वरूप

नावाचा अर्थ पाहण्यापूर्वी पदार्थ पाहणे आवश्यक आहे. चुरमुरे (मराठवाड्यात बहुधा ‘मुरमुरे’) पाण्यात भिजवून लगेच पिळून घेतले जातात. तेलात मोहरी, जिरे, कढीपत्ता, हिरवी मिरची, कांदा व हळद यांची फोडणी करून त्यात ते परतले जातात. वरून डाळ्याचे पीठ आणि शेंगदाण्याचा कूट घातला जातो. शेवटी कोथिंबीर आणि लिंबू. डाळ्याचे पीठ हे यातील ओळखीचे लक्षण होय. ओल्या मुरमुऱ्यातील पाणी ते शोषून घेते आणि पदार्थास त्याचा विशिष्ट दाटपणा देते. याच मुरमुऱ्यापासून भडंग, चिवडा, भेळ असे पदार्थही होतात. परंतु त्यांत मुरमुऱ्याचा कुरकुरीतपणा जपावा लागतो. ‘मुरमुरा’, ‘चुरमुरा’ ही नावेच ध्वन्यनुकारी आहेत. सुशीला हा मात्र ज्यातील आवाज मुद्दाम घालवलेला आहे असा मुरमुरा, असे म्हणता येईल.

ढोकीचा परिसर ज्वारीचा, अलीकडे सोयाबीन व उसाचा. भाताचे पीक येथे मुख्य नाही. तरीही भाताच्या लाह्यांच्या जातीचा हा पदार्थ येथे रुजला, कारण मुरमुरा बाजारातून स्वस्त व तयार मिळतो, टिकतो आणि सरपण फार लागत नाही. रानात जाण्याची घाई असलेल्या घरात ही गोष्ट लहान नव्हे.

रूपे आणि लिंगविचार

बोलण्यात या नावाची किमान तीन रूपे ऐकू येतात : सुसला, सुशला आणि सुशीला. लेखनात, विशेषतः उपाहारगृहांच्या पाट्यांवर, तिसऱ्या रूपाचे प्राबल्य आहे. शिक्षित व्यक्ती पहिल्या दोन रूपांना ‘अशुद्ध’ समजते आणि तिसऱ्यास मूळ मानते. ‘सु’ अधिक ‘शील’, म्हणजे चांगल्या शीलाची, असा विग्रहही तत्परतेने केला जातो. चांगल्या शीलाचा आणि फोडणीच्या मुरमुऱ्याचा संबंध काय, हे मात्र कोणी सांगत नाही.

येथे व्याकरण मदतीस येते. ‘मुरमुऱ्याचा सुशीला’, ‘सकाळी सुशीला केला’ असे पुल्लिंगी प्रयोग सर्रास होतात. त्यांच्या जोडीने ‘सुशीला केली’ असा स्त्रीलिंगी प्रयोगही ऐकू येतो, पण तो नावाच्या रूपाकडे पाहून झालेला दिसतो. स्त्रीचे नाव मुळाशी असते तर पुल्लिंग उद्भवण्याचे कारणच नव्हते. पुल्लिंगी प्रयोगाचा खुलासा एकाच रीतीने होतो. चिवडा, शिरा, कुस्करा या आकारान्त पुल्लिंगी पदार्थनामांच्या रांगेत हा शब्द आधीपासून बसलेला असला पाहिजे.

याला समांतर असे एक उत्तम उदाहरण प्रमाण मराठीतच आहे. अलंकार म्हणून ‘उपमा’ हा शब्द स्त्रीलिंगी : कवीने उपमा दिली, उपमेत साम्य असते. पदार्थ म्हणून ‘उपमा’ पुल्लिंगी : आईने उपमा केला, उपम्यात काजू घातले. दोन्ही शब्द कानाला एकच. परंतु सामान्यरूप वेगळे, लिंग वेगळे, कारण वंश वेगळा. खाण्याचा उपमा दक्षिणेतून आला. त्यातील ‘उप्पु’ म्हणजे मीठ. त्याचेच कानडी भावंड ‘उप्पिट्टु’, म्हणजे मीठ घातलेले पीठ. ते मराठीत ‘उप्पीट’ होऊन आले आणि मराठी भाषकाने त्यात आपले ‘पीठ’ ओळखले. संस्कृतचा पेहराव चढूनही उपम्याने आपले लिंग सोडले नाही. सुशीलाचीही गत हीच. ‘सुशील्यात लिंबू पिळ’ हे रूप सहज तोंडी येते. सुशीला नावाच्या स्त्रीच्या बाबतीत ‘सुशील्या’ असे सामान्यरूप कोणी करणार नाही.

भौगोलिक साक्ष

उत्तर कर्नाटकात हाच पदार्थ, याच कृतीने, ‘सुसला’ या नावाने न्याहारीस होतो. तेथे मुरमुऱ्यास ‘मंडक्की’ म्हणतात. आंध्रातील रायलसीमेत त्याचे रूप ‘उग्गाणी’. त्यातही भाजलेल्या डाळ्याचे पीठ असतेच, जोडीला मिरचीची भजी. म्हणजे मराठवाडा, उत्तर कर्नाटक आणि रायलसीमा असा हा सलग पट्टा आहे. राज्यांच्या सीमा त्यावर नंतर आखल्या गेल्या.

विसाव्या शतकाच्या आरंभी हैदराबाद संस्थानातील गुलबर्गा सुभ्यात गुलबर्गा, रायचूर व बिदर यांच्याबरोबर उस्मानाबाद जिल्ह्याचाही समावेश होता. म्हणजे ढोकीचा सरकारदरबार कानडी मुलखाशी एका सुभ्यात बांधलेला होता. १७ सप्टेंबर १९४८ रोजी संस्थान भारतात विलीन झाले. १ नोव्हेंबर १९५६ च्या राज्य पुनर्रचनेत उस्मानाबाद मुंबई राज्यात आणि गुलबर्गा म्हैसूर राज्यात गेले. कागदोपत्री वाटणी झाली; न्याहारीची झाली नाही.

मग ‘सुशीला’ हे मूळ आणि ‘सुसला’ हा त्याचा कानडी अपभ्रंश, असे उलटे का मानू नये? ही शंका रास्त आहे. परंतु सुशीला हे स्त्रीनाम कानडी समाजातही पूर्ण परिचित आहे. ते त्या रूपात तेथे पोचले असते तर परिचित नावाची मोडतोड करून निरर्थक ‘सुसला’ घडवण्याचे प्रयोजन उरत नाही. लोकभाषा बहुधा अपरिचिताकडून परिचिताकडे जाते. शिवाय मराठीच्या ध्वनिव्यवस्थेत ‘इ’कारापूर्वीचा ‘स’ तालव्य होण्याची जुनी प्रवृत्ती आहे : सिंदूर–शेंदूर, सिध्यति–शिजणे, सीवन–शिवणे. ‘सुसला’च्या मधल्या अक्षरात उच्चारसौकर्यासाठी एकदा ‘इ’ शिरली की ‘सुशिला’ होणे ओघाने येते, आणि तेथून ओळखीच्या स्त्रीनामापर्यंत अंतर फक्त एका दीर्घ वेलांटीचे उरते. तेव्हा ‘सुसला’ हे रूप अपभ्रष्ट नसून तेच जुने मानणे अधिक सयुक्तिक ठरते.

लोकव्युत्पत्तीचे व्यापक चित्र

अपरिचित शब्दास परिचित अर्थ देऊन घरात घेणे, यास लोकव्युत्पत्ती म्हणतात. गोव्यातील ‘मानकुराद’ आंब्याचे नाव पोर्तुगीज ‘माल्कोरादा’ म्हणजे वाईट रंगाचा यावरून आले. मराठी-कोंकणी तोंडात ‘माल’चा ‘मान’ झाला आणि निंदेची जागा प्रतिष्ठेने घेतली.

खुद्द न्याहारीचे शब्द पाहावेत. ‘न्याहारी’ आणि ‘नाश्ता’ हे दोन्ही फारसीतून आले आणि दोहोंच्या मुळाशी ‘उपाशीपोटी असणे’ हाच अर्थ आहे. स्पॅनिश भाषेत सकाळच्या खाण्यास ‘देसायुनो’ म्हणतात, त्याचाही अर्थ उपवास सोडणे. मेक्सिकोत या वेळी खाल्ला जाणारा एक जुना पदार्थ ‘चिलाकिलेस’ : मक्याच्या उरलेल्या पोळ्यांचे तुकडे मिरचीच्या रश्श्यात मुरवलेले, आपल्याकडील फोडणीच्या पोळीचा दूरचा नातलग. या नावातील ‘चिल’ म्हणजे तेथील नाहुआत्ल भाषेतील मिरची. शेवटचा ‘एस’ हा स्पॅनिश अनेकवचनाचा. दोन भाषांच्या संपर्काची खूण एका बशीतील नावात अशी टिकून आहे. ती मिरची पोर्तुगीजांमार्फत भारतात आली तेव्हा मराठीने ‘चिली’ हे नाव घेतले नाही. तिखटपणावरून परिचित ‘मिरी’ आठवली आणि ‘मिरची’ असे नाव पडले. सुशील्याच्या फोडणीतील मिरची आणि त्यावरील शेंगदाणा दोन्ही अमेरिका खंडातील. बशीत मात्र कोणाला परके वाटत नाहीत.

उपयोजनातील अडचण

हा विषय वर्गाशी थेट निगडित आहे. मराठवाड्यातील विद्यार्थ्याने निबंधात ‘सुसला’ असे लिहिले तर त्याखाली लाल रेघ ओढून ‘सुशीला’ अशी दुरुस्ती करण्याचा मोह शिक्षकास होतो. क्वचित ‘पोहे’ लिहावे असाही सल्ला दिला जातो. पहिल्या दुरुस्तीने कानडी संपर्काचा पुरावा पुसला जातो, दुसऱ्याने पदार्थच पुसला जातो. पोहे आणि मुरमुरे दोन्ही भाताचे, पण पोहा कुटलेला आणि मुरमुरा फुलवलेला. एकाचे नाव दुसऱ्यास चालत नाही.

विद्यार्थी स्वतःही लवकर शिकतो. वसतिगृहात, मोठ्या शहरात तो ‘मुरमुऱ्याचे पोहे’ असे म्हणू लागतो, कारण ‘सुशीला’ म्हटल्यावर होणारे हसू त्याने एकदा ऐकलेले असते. सुट्टीत ढोकीच्या स्थानकावर उतरून घरी पोचल्यावर आजी विचारते, ‘सुसला करू का रे?’ आणि तो ‘कर की’ म्हणतो. तेथे कोणते रूप शुद्ध, हा प्रश्न उपस्थित होत नाही.