पोखरण, लाहोर आणि आनंद पटवर्धन

1950 साली मुंबईत जन्मलेल्या आनंद पटवर्धन यांनी जयप्रकाश नारायणांच्या बिहार आंदोलनाचे चित्रण करून जी वाट धरली, ती राजबंद्यांवरील ‘जमीर के बंदी’, झोपडपट्ट्यांवरचा सरकारी हातोडा दाखवणारा ‘हमारा शहर’ आणि अयोध्येचा ‘राम के नाम’ या अनुबोधपटांवरून पुढे जात अखेर भारत-पाकिस्तानच्या सरहद्दीला भिडली, हे मला स्वाभाविकच वाटते. कारण घरच्या दुर्बळाला दटावणारी आणि शेजाऱ्याला अण्वस्त्र दाखवणारी सत्ता त्यांच्या लेखी एकच होती.

1998 च्या मे महिन्यात, ऐन बुद्धपौर्णिमेच्या दिवशी, पोखरणला स्फोट झाले आणि महिना संपण्यापूर्वी पाकिस्तानने चगाईच्या डोंगरात त्यांना जबाब दिला. ज्या ट्रॉम्बेत आपल्या अणुसंशोधनाचे प्रमुख केंद्र आहे, ते आमच्या रायगड जिल्ह्यातील घारापुरीच्या अगदी समोर. त्यामुळे वरसे-रोह्याच्या माणसाने हा विषय दूरच्या वाळवंटातला म्हणून सोडून द्यावा, असे मुळीच नाही. 2002 च्या ‘जंग और अमन’मध्ये पटवर्धनांनी पोखरणजवळचे खेतोलाई, युरेनियमच्या खाणींचे जादूगुडा आणि भस्मसात झालेले हिरोशिमा एकाच सूत्रात ओवले. परंतु माझ्या मते त्या चित्रपटाचा प्राण लाहोरच्या एका शाळेत आहे. तेथे वक्तृत्वात अणुबाँबची आवेशाने तरफदारी करणाऱ्या मुली, व्यासपीठ सोडून मोकळेपणी बोलू लागताच, टाळ्या त्याच बाजूला मिळतात हे कबूल करतात आणि आपल्या मताचा पुनर्विचार करू लागतात. शत्रू म्हणून शिकवल्या गेलेल्या देशातील त्या निरागस चेहऱ्यांपुढे युद्धाची सारी कैफियत निष्प्रभ होते. इतके प्रभावी काम पटवर्धनांच्या स्वतःच्या निवेदनालाही नेहमी साधलेले नाही.

चित्रपट परीक्षण मंडळाने मात्र ‘जंग और अमन’वर कात्री उगारली, आणि पुढे तर पंतप्रधानांसह सर्व राजकीय नेत्यांची दृश्ये व भाषणे वगळण्याचे फर्मान निघाले. म्हणजे सत्तेची चिकित्सा करावी, पण सत्ताधाऱ्याचे तोंड दाखवू नये! पटवर्धनांनी मुंबई उच्च न्यायालयात दाद मागितली आणि 2003 मध्ये चित्रपट एकही काटछाट न होता मोकळा झाला. आयुष्यभर राज्यसंस्थेशी झगडणाऱ्या या माणसाने त्याच राज्यसंस्थेच्या न्यायासनावर ठेवलेला विश्वास मला फार मोलाचा वाटतो. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ हा त्यांचा अनुबोधपट दूरदर्शनवर दाखवला जावा यासाठी तर त्यांना 2006 पर्यंत सर्वोच्च न्यायालयात झुंजावे लागले.

त्यांच्या 2018 च्या ‘विवेक’ या अनुबोधपटाला ॲमस्टरडॅमच्या महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळाले, पण पुढच्याच वर्षी केरळच्या महोत्सवात तो दाखवण्यासाठी तेथील उच्च न्यायालयाची मुभा मिळवावी लागली.