नाताळच्या सुटीचा हिशेब

इंग्लंडमधील नाताळ म्हटला की डोळ्यांसमोर एक ठराविक चित्र उभे राहते. दिव्यांनी सजविलेले सूचिपर्णी झाड, शुभेच्छापत्रांची रास, भाजलेला टर्की पक्षी, मनुका घातलेले पुडिंग आणि जेवणाच्या टेबलावर दोघांनी ओढून फोडावयाचे कागदी फटाके. हे सारे अनादिकालापासून असेच चालत आले असावे, अशी पाहणाऱ्याची समजूत होते. खुद्द इंग्रज माणसाचीही बहुधा तीच असते. वस्तुतः या चित्रातील बहुतेक रंग एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला, अवघ्या तीस-चाळीस वर्षांत भरले गेले आहेत. मग या सणात खरोखर जुने असे काय आहे? जुना आहे तो एक प्रश्न : श्रमातून सुटका कोणाला मिळावी, किती दिवस मिळावी आणि ती कोणाच्या खर्चाने?

या सणाचे मूळ शेतीच्या चक्रात आहे. डिसेंबरच्या उत्तरार्धात लंडनला दिवसाचा उजेड जेमतेम आठ तास असतो. जमीन गारठलेली, नांगर थांबलेला. हिवाळाभर चारा पुरविणे परवडणार नाही अशी जनावरे आधीच कापलेली असत आणि कोठारात नवे धान्य असे. मेजवानीला लागणारे अन्न आणि रिकामा वेळ ही दोन्ही वर्षातून याच वेळी एकदम हाताशी येत. रोमन लोकांचा सॅटर्नेलिया हा उत्सव डिसेंबरातलाच. उत्तर युरोपातील यूलही हिवाळ्यातला. २५ डिसेंबर हा येशूचा जन्मदिन म्हणून रोममध्ये पाळला जाऊ लागला तो चौथ्या शतकात.

नवव्या शतकाच्या अखेरीस राजा आल्फ्रेड याने जे कायदे केले, त्यांत नाताळचे बारा दिवस सुटीचे ठरविले आहेत. मात्र ही सुटी स्वतंत्र माणसांसाठी होती. गुलामांना ती लागू नव्हती. आपल्या लेखाच्या दृष्टीने हा तपशील मोलाचा आहे. इंग्लंडमध्ये नाताळच्या सुटीचा पहिला लेखी हिशेब सापडतो, तोच मुळी कोणाला सुटी आणि कोणाला नाही अशा वाटणीसह! मध्ययुगात या बारा दिवसांनंतरच्या पहिल्या सोमवारी, ‘नांगराच्या सोमवारी’, गावातील शेतीकामे पुन्हा सुरू होत.

सतराव्या शतकात या सणावर मोठे गंडांतर आले. नाताळला बायबलात आधार नाही आणि त्या निमित्ताने मद्यपान व धिंगाणा मात्र होतो, असा प्युरिटन पंथीयांचा आक्षेप होता. यादवी युद्धात त्यांचा वरचष्मा झाला आणि जून १६४७ मध्ये पार्लमेंटने वटहुकूम काढून नाताळ, ईस्टर आदी सण रद्द केले. पण सण रद्द केले तरी सुटीची गरज रद्द करता येत नाही, हे त्या कठोर लोकांनाही उमगले. त्याच महिन्यात त्यांनी विद्यार्थी, उमेदवार कारागीर आणि नोकर यांना दर महिन्याचा दुसरा मंगळवार विश्रांतीसाठी मोकळा दिला. हिशेबाने पाहता हा सौदा वाईट नव्हता. लोकांना मात्र तो मानवला नाही. त्या वर्षीच्या २५ डिसेंबरला कँटरबरी येथे दुकाने उघडी ठेवण्याचा आग्रह महापौरांनी धरला, तेव्हा दंगल उसळली. सुटी ही केवळ तासांची बेरीज नसून सर्वांनी एकाच वेळी मोकळे असण्यात तिचा अर्थ असतो, हेच त्या दंगलीने सांगितले. १६६० मध्ये राजसत्ता परतली आणि तिच्याबरोबर नाताळही.

प्युरिटनांच्या वटहुकुमाला जे साधले नाही, ते पुढे यंत्रयुगाच्या घड्याळाने बव्हंशी साधले. भांडवल गुंतविलेले यंत्र एक दिवस बंद राहिले तर तो दिवस तोट्याचा, हे नवे अर्थशास्त्र बारा दिवसांची चैन कशी मानणार? बँक ऑफ इंग्लंडचे उदाहरण बोलके आहे. एके काळी ही बँक संतांचे उत्सव धरून वर्षाकाठी तीसहून अधिक सुट्या पाळीत असे. १८३४ मध्ये त्यांतील केवळ चार शिल्लक राहिल्या. १८३३ च्या कारखाना कायद्याने गिरण्यांतील मुलांना व किशोरवयीन कामगारांना नाताळ आणि गुड फ्रायडे असे दोन पूर्ण दिवस, आणि त्याखेरीज आठ अर्धे दिवस सुटी देण्याची सक्ती केली. बारा दिवसांचा सण एका दिवसावर आला आणि तो एक दिवस पदरात पाडून घेण्यासाठीही कायदा करावा लागला.

चार्ल्स डिकन्सची ‘अ ख्रिसमस कॅरोल’ ही छोटी कादंबरी १९ डिसेंबर १८४३ रोजी प्रसिद्ध झाली ती या पार्श्वभूमीवर. वडील कर्जापायी तुरुंगात असताना डिकन्सने बाराव्या वर्षी बूटपॉलिशच्या कारखान्यात काम केले होते. बालकामगारांविषयीच्या सरकारी चौकशीचा अहवालही त्याच वर्षी त्याच्या वाचनात आला होता. स्क्रूजचे हृदयपरिवर्तन सर्वांच्या लक्षात राहते. पण कथेच्या सुरुवातीच्या भागातच येते ती एका कारकुनाच्या रजेची मागणी. आठवड्याला पंधरा शिलिंग मिळविणारा बॉब क्रॅचिट नाताळचा एक दिवस भरपगारी मागतो आणि काम न करता पगार घेणे म्हणजे आपला खिसा कापणेच होय, अशा शब्दांत मालक कुरकुरतो. कारकुनी केलेल्या कोणाही वाचकाला हा प्रसंग समजावून सांगण्याची गरज नाही.

नाताळचे आजचे रूप घडले ते याच सुमारास. त्याच १८४३ साली हेन्री कोल याने पहिली छापील शुभेच्छापत्रे विक्रीस काढली. किंमत प्रत्येकी एक शिलिंग. म्हणजे क्रॅचिटच्या दिवसाच्या पगाराचे चाळीस टक्के एका कार्डालाच गेले असते! छपाई स्वस्त झाली आणि १८७० मध्ये अर्ध्या पेनीचे टपाल सुरू झाले, तेव्हा कुठे ही प्रथा सर्वसामान्यांच्या घरात शिरली. सजविलेले झाड जर्मनीतून आलेले. राणी शार्लटने १८०० मध्ये विंडसर येथे असे झाड उभारले होते; परंतु १८४८ मध्ये ‘इलस्ट्रेटेड लंडन न्यूज’ या साप्ताहिकात व्हिक्टोरिया राणीच्या कुटुंबाचे झाडाभोवतीचे चित्र छापले गेले आणि मध्यमवर्गाने ते उचलले. कागदी फटाके ही टॉम स्मिथ नामक मिठाईवाल्याची कल्पना. गरिबांच्या घरी टर्की येत नसे. ते ‘गूज क्लब’मध्ये दर आठवड्याला चार-दोन पेन्स भरीत आणि नाताळला त्यातून एक हंस घेत, आपल्याकडील भिशीचीच ही बहीण.

तथापि झाड, पत्रे आणि फटाके बाजार पुरवू शकतो. वेळ पुरवीत नाही. १८७१ मध्ये सर जॉन लबक या बँकर खासदाराच्या पुढाकाराने बँक सुट्यांचा कायदा झाला आणि इंग्लंडमध्ये २६ डिसेंबर हा दिवसही सुटीचा ठरला. युक्ती साधी होती. त्या दिवशी हुंडीचे पैसे देण्याची सक्ती नाही, म्हणून बँका बंद. बँका बंद म्हणून पेढ्या आणि कचेऱ्या बंद. या दिवसाला ‘बॉक्सिंग डे’ म्हणतात. नोकरचाकर, पोस्टमन आणि उमेदवार यांना ‘ख्रिसमस बॉक्स’ म्हणजे आपल्या दिवाळीतल्यासारखी पोस्त देण्याच्या रिवाजावरून ते नाव पडले. मालकाच्या मर्जीवरची पोस्त आणि कायद्याने दिलेली सुटी यांची अशी एकाच तारखेला गाठ पडली आहे. शेजारच्या स्कॉटलंडमध्ये मात्र धर्मपीठाच्या जुन्या विरोधामुळे नाताळ हा सार्वजनिक सुटीचा दिवस होण्यास १९५८ साल उजाडावे लागले.

हा हिशेब अद्याप मिटलेला नाही. दुकाने वर्षभर उघडी ठेवण्याचा कल वाढला, तेव्हा २००४ मध्ये कायदा करून इंग्लंड व वेल्समधील मोठ्या दुकानांना नाताळच्या दिवशी विक्रीस बंदी घालण्यात आली. मात्र दुसऱ्याच दिवशी, २६ डिसेंबरला, मोठमोठे सवलतीचे विक्री-महोत्सव भरतात आणि विक्रेते कामावर असतात. बँक हॉलिडेला भरपगारी रजा मिळण्याचा स्वतंत्र कायदेशीर हक्क ब्रिटनमधील कामगाराला आजही नाही. वर्षाच्या एकूण रजेतच मालक ते दिवस मोजू शकतो.

तात्पर्य, परंपरेचे जे दृश्य रूप आपण प्राचीन मानतो ते बहुधा अलीकडचे, आणि विकत मिळणारे असते. टिकून राहते ती त्यामागची माणसाची गरज. आपली म्हणून वर्षातून काही घटका, आणि त्याही आपल्या माणसांना मोकळीक असेल अशाच वेळी, हव्यात ही ती गरज होय. ती भागविण्यास इंग्लंडमध्ये कधी राजाज्ञा लागली, कधी दंगल, कधी कादंबरी आणि अखेर कायदा. स्क्रूजचे मन वळविण्यास एका रात्रीत भुते धावून आली. परंतु कारकुनाची रजा भुतांच्या भरवशावर ठेवता येत नाही. सहृदय मालक लाभणे हे भाग्य, आणि सुटी मिळणे हा हक्क, हा भेद समाजाने ज्या दिवशी ओळखला, तो दिवसही एखाद्या सणाच्याच योग्यतेचा मानावयास हरकत नसावी.