छबी

मनुष्याला बहुधा दोन नावे असतात. एक बारशाचे आणि दुसरे घरातले. बाराव्या दिवशी पाळणा सजतो, सुवासिनी जमतात, आत्या बाळाच्या कानाशी तोंड नेऊन नाव सांगते आणि ते नाव जगाला कळते. दुसऱ्या नावाला मात्र मुहूर्त लागत नाही. ते केव्हा पडले आणि कोणी ठेवले, हे पुष्कळदा कोणालाच सांगता येत नाही. पहिले नाव पंचांग पाहून ठेवतात. दुसरे मुलाचे तोंड पाहून पडते. म्हणूनच एखाद्या काळी घरातील माणसे आपल्या मुलांकडे कोणत्या दृष्टीने पाहत होती, हे जाणावयाचे असेल, तर बारशाच्या नावांपेक्षा या घरगुती नावांचा विचार अधिक उपयोगी पडतो.

कुकडी, मीना आणि घोड या नद्यांच्या खोऱ्यांत जुन्नर व आंबेगाव हे दोन तालुके वसले आहेत. ओतूर, नारायणगाव, मंचर, घोडेगाव अथवा तेथून जवळच्या कोणत्याही खेड्यात जा आणि वडीलधाऱ्या स्त्रियांची नावे विचारा. सखूबाई, चिमाबाई, ठकूबाई, धोंडाबाई अशी नावे कानी पडतील. त्यांतच एखादी छबूबाईही हमखास भेटेल. आज पाळण्यातल्या मुलीला कोणी छबी म्हणत नाही. परंतु एके काळी हे नाव घरोघरी होते. या लहानशा नावाचा अर्थ काय आणि ते आले कोठून, हे आपण पाहू.

छबी या शब्दाचे मूळ संस्कृत ‘छवि’ या शब्दात आहे. अगदी जुन्या काळी छवि म्हणजे त्वचा, कातडी. पुढे त्वचेवरून त्वचेचा रंग, रंगावरून त्याचे तेज आणि तेजावरून सौंदर्य, असा या शब्दाचा अर्थ पायरीपायरीने चढत गेला. सौंदर्य जिच्यात उतरते ती आकृती, म्हणजे चित्र, तीही छबीच झाली. गुजराती भाषेत आजही भिंतीवरील तसबिरीला व छायाचित्राला छबी म्हणतात. मराठीतही ‘राजाची छबी असलेले नाणे’ असे आपण म्हणतो. कातडीपासून निघालेला एक शब्द प्रवास करीत करीत तसबिरीपर्यंत येऊन पोहोचला, ही गंमत ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

आता ‘वि’चा ‘बी’ कसा झाला, ते पाहा. संस्कृतातील ‘व’ मराठीत बहुधा तसाच राहतो. व्याघ्र या शब्दापासून आपण वाघ केला, हिंदीने बाघ केला. विंशति या शब्दापासून आपण वीस केले, हिंदीने बीस केले. त्या न्यायाने छबी या रूपातला ‘ब’ उत्तरेकडील वळणाचा दिसतो. व्रजभाषेतील कवितेत ‘छबि’ हा शब्द वारंवार येतो. तेव्हा मूळ संस्कृताचा हा शब्द उत्तरेची वाट चालून मराठीत आला असावा, असे मानण्यास चांगलाच आधार आहे. इकडे आल्यावर त्याने फारसीतील ‘दार’ हा प्रत्ययही जोडून घेतला आणि ‘छबीदार’ हे विशेषण तयार झाले. छबीदार फेटा, छबीदार चाल हे शब्द लावणीच्या भाषेत विशेष शोभले. ज्या नारायणगावाला तमाशाकलेचे माहेर मानतात, ज्या गावाचे नाव विठाबाई नारायणगावकर (१९३५–२००२) यांनी सर्वत्र नेले, त्या गावाच्या परिसरात हा शब्द परका वाटण्याचे कारणच नव्हते.

इतिहासातही या नावाची एक प्रसिद्ध बहीण आहे. झाशीची राणी लक्ष्मीबाई हिचे माहेरचे नाव मणिकर्णिका. घरी तिला मनू म्हणत. ब्रह्मावर्ताला दुसऱ्या बाजीरावाच्या वाड्यात ती खेळकर पोर वावरू लागली, तेव्हा पेशव्याने तिला ‘छबेली’ म्हणावयास आरंभ केला, असे तिच्या चरित्रांत सांगितले आहे. लग्न झाले आणि मणिकर्णिकेची लक्ष्मीबाई झाली. १८५८ साली ग्वाल्हेरच्या रणात तिने देह ठेवला. एकाच स्त्रीला मणिकर्णिका, मनू, छबेली आणि लक्ष्मीबाई अशी चार नावे मिळाली. त्यांपैकी मनू आणि छबेली ही नावे केवळ प्रेमापोटी पडली होती.

शब्दांचे मूळ शोधताना एक सावधगिरी बाळगावी लागते. या भागात चैत्र-वैशाखात गावोगाव ग्रामदैवतांच्या यात्रा भरतात. रात्री देवाची पालखी वाजतगाजत निघते, त्या मिरवणुकीला ‘छबिना’ म्हणतात. छबी आणि छबिना ही एकाच घरची लेकरे, असे कोणालाही वाटेल. परंतु तसे नाही. छबिना हा शब्द फारसी ‘शब’, म्हणजे रात्र, या शब्दापासून आला आहे. रात्रीच्या पहाऱ्यालाही पूर्वी छबिना म्हणत. १४९० साली मलिक अहमद याने निजामशाहीचा पाया घातला, तेव्हा त्याचे ठाणे जुन्नर हेच होते. पुढे अनेक पिढ्या या मुलखात फारसी ही दरबाराची भाषा होती. तेव्हा असे शब्द इकडच्या बोलीत रुळले, यात नवल नाही. सारखे दिसणारे दोन शब्द नात्यातले असतीलच असे नाही, हे यावरून शिकावे.

आता या नावाची रूपे पाहू. मराठीत नाव आखूड करून त्याला ‘ई’ किंवा ‘ऊ’ लावण्याची जुनी रीत आहे. गंगेची गंगी होते, जनाबाईची जनी होते, सखुबाईची सखू होते. ‘ई’ लावली की सलगी वाटते, ‘ऊ’ लावला की लाड वाटतो. संत जनाबाईने आपल्या अभंगांत स्वतःला जनी म्हटले आहे. देवापुढे उभे राहताना तिने घरातले नाव वापरले. कारण देव तिला घरच्यासारखा वाटत होता.

छबीचेही तसेच. अंगणात खेळणाऱ्या मुलीला आई ‘छबे, घरात ये’ अशी हाक मारी. आजी तिला मांडीवर घेऊन ‘छबू’ म्हणे. धाकटी भावंडे आली की ती छबूताई होई, भावाला बायको आली की तिची छबूवन्सं होई, भाचे झाले की छबूमावशी आणि शेवटी छबूआजी. त्या दोन अक्षरांमागून शब्द बदलत गेले आणि त्या शब्दांत एका स्त्रीचे सारे आयुष्य मांडले गेले.

येथे एक गोष्ट विशेष सांगण्यासारखी आहे. पूर्वी लग्नात मुलीचे नाव बदलण्याची चाल सर्रास होती. ताटात तांदूळ पसरीत आणि वर अंगठीने त्यांत नवे नाव लिही. बारशाचे नाव त्या दिवशी मागे पडे. सासरी तिला नव्या नावाने ओळखत. परंतु दिवाळसणाला ती माहेरी आली, की वेशीपाशीच कोणीतरी म्हणे, “अगबाई, छबी आली!” पंचांग पाहून ठेवलेले नाव तांदळाखाली झाकले गेले, बिनमुहूर्ताचे नाव मात्र टिकले. म्हणून ज्यांना हे नाव हास्यास्पद वाटते, त्यांनी थोडे थांबावे. त्या काळच्या पुष्कळ स्त्रियांच्या बाबतीत जन्मापासून अखेरपर्यंत सोबत राहिलेले नाव बहुधा हेच एक होते.

सगळीच जुनी नावे अशी प्रेमाची नव्हती, हेही प्रांजळपणे सांगितले पाहिजे. एखाद्या घरी मुले जगत नसत, तेव्हा काळाची दृष्ट लागू नये या भीतीने मुलीला धोंडी किंवा दगडी म्हणत. त्या नावामागे भय होते, तरी मूल जगावे ही तळमळही होती. परंतु मुलीमागून मुलगी झाली म्हणून काही घरांत तिसऱ्या वा चौथ्या मुलीचे नाव ‘नकुशी’ ठेवीत. नकुशी म्हणजे नको असलेली. या नावाने मुलीला शाळेत रोज हाक मारली जाई आणि रोज तिला ते ऐकावे लागे. २०११ साली सातारा जिल्ह्यात एक समारंभ करून अशा दोनशेहून अधिक मुलींना नवी नावे देण्यात आली. कित्येकींनी आपली नावे स्वतः निवडली. छबी आणि नकुशी ही दोन्ही नावे एकाच महाराष्ट्रातली. एकीत घराने मुलीचे तोंड पाहिले, दुसरीत तोंड फिरविले. मुलीला हाक मारताना आपण कोणता शब्द उच्चारतो, हे यास्तव क्षुल्लक मानू नये.

नावाला आणखी एक बाजू आहे, ती म्हणजे कागदाची. पूर्वी मुलीला शाळेत घालावयास आणलेल्या बापाला गुरुजी नाव विचारीत, तेव्हा तो ‘छबी’ एवढेच सांगे. कोणी गुरुजी तेच लिहून घेत, कोणी छाया असे सुधारून लिहीत. पुढे तिच्या दाखल्यावर एक नाव, शिधापत्रिकेवर दुसरे आणि सातबाराच्या उताऱ्यावर तिसरे, असा घोटाळा होई. मग ‘छाया ऊर्फ छबूबाई ही एकच व्यक्ती आहे’ असे प्रतिज्ञापत्र करणे तिला भाग पडे. ‘ऊर्फ’ हा शब्द दोन अक्षरांचा खरा, पण त्यासाठी तालुक्याच्या ठिकाणी किती हेलपाटे घालावे लागतात, हे ज्याचे त्यालाच ठाऊक. २००५ च्या कायद्याने हिंदू एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच वाटा मिळाला आहे. परंतु वाटा मागणारीचे नाव कागदावर नीट असेल, तरच तो कायदा तिच्या हाती लागतो.

नाव नोंदले नाही तर काय घडते, याचे एक मोठे उदाहरण आपल्या देशाच्या इतिहासात आहे. १९५१–५२ साली पहिली सार्वत्रिक निवडणूक झाली. मतदारयाद्या करताना असे आढळले, की अनेक स्त्रियांनी स्वतःचे नाव न सांगता ‘अमक्याची पत्नी’ किंवा ‘तमक्याची आई’ एवढेच सांगितले होते. परक्या पुरुषाला नाव सांगू नये, अशी रूढी होती. त्या वेळचे मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी अशा नोंदी मान्य केल्या नाहीत. देशातील सुमारे ८ कोटी स्त्री-मतदारांपैकी जवळजवळ २८ लक्ष स्त्रियांची नोंद यादीतून गळाली. बिहार, उत्तर प्रदेश, राजस्थान अशा उत्तरेकडील प्रांतांत हा प्रकार विशेष घडला. ज्यांना मताचा हक्क मिळाला होता, त्या केवळ नावावाचून त्या हक्काला मुकल्या.

आणि याच जुन्नरच्या डोंगरांत दोन हजार वर्षांपूर्वी काय लिहिले होते? कोकणातून जुन्नरला येणाऱ्या वाटेवर नाणेघाट आहे. तेथील लेण्यात सातवाहन राजघराण्यातील व्यक्तींच्या मूर्ती कोरलेल्या होत्या. मूर्ती आता भंगल्या आहेत, पण त्यांच्या माथ्यावरील ब्राह्मी लिपीतील नावे शिल्लक आहेत. त्यांत सातकर्णी राजाच्या जोडीला त्याच्या राणीचे नाव आहे, देवी नायनिका. तिलाच आपण नागनिका म्हणतो. ती तर राणी होती. परंतु जुन्नरच्या लेण्यांतील एका लहानशा लेखात लच्छिनिका नावाच्या स्त्रीने पाण्याचे टाके दान दिल्याची नोंद आहे. लच्छी म्हणजे लक्ष्मी, आणि पुढे लाडका प्रत्यय. तिच्या पतीचे नाव तेथे आहे, पण तिचे स्वतःचेही आहे. टाके देणारी ‘अमक्याची पत्नी’ एवढीच राहिली नाही. पाणी पिणाऱ्या प्रवाशाने ते कोणी दिले हे वाचावे, म्हणून तिचे नाव दगडात कोरले गेले.

आता काळ पालटला आहे. १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या नावापुढे शासकीय कागदपत्रांत आधी आईचे नाव, मग वडिलांचे नाव आणि नंतर आडनाव लिहावे, असा निर्णय महाराष्ट्र शासनाने घेतला आहे. म्हणजे आईचे नाव यापुढे मुलाच्या नावाबरोबर चालेल. ते नाव कोणते लिहावयाचे, हे मात्र प्रत्येक घराने आधी नीट ठरविले पाहिजे.

विद्यार्थी मित्रहो, घरगुती नाव ही माहेराची खूण आहे आणि कागदावरचे नाव ही हक्काची खूण आहे. दोन्हींची किंमत वेगळी आहे. एकीसाठी दुसरी टाकून देण्याचे कारण नाही. आपल्या आजीला तिचे नाव विचारा. पाळण्यातले कोणते, घरातले कोणते, लग्नात मिळाले ते कोणते आणि सातबारावर लिहिले आहे ते कोणते, हे सारे विचारा. तिच्या तोंडून ऐकलेली ती नावे वहीत तारीख घालून शुद्ध अक्षरांत लिहून ठेवा. कारण घरगुती नावे दगडात कोरली जात नाहीत. ती हाक मारणाऱ्या माणसांच्या तोंडी असतात, आणि ती माणसे गेली की त्यांच्याबरोबरच जातात.