सुरुंग, बाण आणि अणुशक्ति

वसई प्रांताच्या इतिहासाचा अभ्यास करणारास दारूचा पराक्रम निराळा सांगावयास नको. इ. स. १७३९ सालीं चिमाजी आप्पांच्या सैन्यानें वसईच्या कोटास खिंडार पाडलें तें सुरुंगांनीं. त्याच दारूची दुसरी योजना म्हणजे बाण. हा धनुष्याचा शर नव्हे; आपल्या जुन्या कागदांतील बाण म्हणजे दारू ठासलेली, मागें तोंड असलेली नळी. सुरुंगाचा जोर चहूंकडे फुटतो. बाणाचा एकाच तोंडानें मागें जातो, म्हणून नळी पुढें धांवते. म्हैसूरचे लोखंडी बाण पाहूनच काँग्रीव्हनें इंग्लंडांत आपले बाण सिद्ध केले.

बाण हवेस रेटून चालतो, हा समज सुशिक्षितांतही आढळतो. तो खरा असता तर निर्वात अवकाशांत एकही यान हललें नसतें. जूचंद्रालगतच्या खाडींत होडींत बसून मागें धोंडे फेकावे; होडी पुढें सरकते, आणि हवा नसती तरी सरकलीच असती. 'प्रणोदन' शब्दांतील नुद् धातूचा अर्थही ढकलणें हाच. अडचण एवढीच कीं, धोंडे संपले म्हणजे वेग वाढणें थांबलें.

बाणांत दारू हीच आग आणि दारू हाच धोंडा. अणुभट्टींत ही दोन कामें वेगळीं होतात. पालघर जिल्ह्यांत तारापूर येथें १९६९ पासून अणूच्या उष्णतेनें वाफ करून वीज काढितात. अग्निबाणांत त्याच उष्णतेनें हायड्रोजन वायु तापवून मागें सोडावयाचा. आग वेगळी असल्यानें धोंडा हवा तो निवडतां येतो, आणि सर्वांत हलका वायु सर्वांत वेगानें सुटतो. हायड्रोजन व प्राणवायु जाळणाऱ्या उत्तम यंत्रांत हा वेग सेकंदास सुमारें ४॥ किलोमीटर, तर अणुयंत्रांत सुमारें ८. तेवढ्याच धोंड्यांत दुपटीजवळ काम! अमेरिकेनें नेवाडाच्या वाळवंटांत अशीं यंत्रें चालवून पाहिलीं. १९७३ सालीं तें काम बंद झालें, व अवकाशांत असें यंत्र अद्याप चाललेलें नाहीं.

म्हणून २०२३ च्या चांद्रयान-३ संबंधीं घोटाळा करूं नये. त्याच्या प्रणोदन-खंडांत तुर्भ्याच्या भाभा अणुसंशोधन केंद्रानें केलेलीं दोन ऊष्मायंत्रें होतीं खरीं. पण तीं प्रत्येकीं एक वॅटचीं, नुसती ऊब देणारीं. यान ढकललें तें परस्परांशीं भेटतांच पेटणाऱ्या दोन द्रवांनीं. १९७७ च्या व्हॉयेजर यानांतही प्लुटोनियमच्या उष्णतेची वीजच होते, रेटा नव्हे.

भीतीचा प्रश्न मात्र पोकळ नाहीं. १९७८ सालीं रशियाचा कॉसमॉस ९५४ हा उपग्रह अणुभट्टीसह कोसळला आणि त्याचे किरणोत्सर्गी तुकडे उत्तर कॅनडांत विखुरले. न चालविलेल्या भट्टींतील युरेनियम फारच थोडें किरणोत्सर्गी असतें. विषारी राख सांचते ती भट्टी पेटल्यानंतर. यास्तव यान सुरक्षित उंचीवर पोहोंचल्यावांचून भट्टी पेटवूं नये, असा दंडक आतां सांगतात.