कानाने मोजायचा पक्षी

कोयनेच्या जंगलात झाडांचे बुंधेही अजून वेगळे दिसत नसतात, तेव्हाच राखी रानकोंबड्यांची मोजणी सुरू होते. ठरलेल्या जागी गुपचूप उभं राहायचं. ‘कुक्-कायाक्-क्युक्-क्युक्’ असं तुटक आरवणं ऐकू आलं की वेळ, दिशा आणि अदमासे अंतर वहीत टिपायचं. गावठी कोंबड्याची ती लांबलचक शेवटची तान इथे नाही, आरवण्याआधीची पंखांची फडफडही नाही. समोरच्या सोंडेवरून दुसरा उत्तर देतो, ओढ्यातून तिसरा. थोड्या वेळाने ओढ्यातला आवाज वर सरकला, तर तो चौथा धरायचा की तोच? म्हणून दोन माणसं दोन ठिकाणी उभी राहतात आणि मागाहून वेळा ताडून पाहतात.

एवढं करूनही हिशेब अर्धाच. आरवतो तो नर. तपकिरी अंगाची, छातीवर खवल्यांसारखी पांढरी नक्षी असलेली मादी या मोजणीत सापडतच नाही. आवाजांवरून थेट पक्ष्यांची संख्या सांगणारा अहवाल जरा जपूनच वाचावा.

उजाडल्यावर पाचोळ्याची खसफस कामाला येते. पाय दोनदा झपकन मागे ओढायचे, एक पाऊल मागे सरायचं, उघड्या पडलेल्या मातीत चोच मारायची, मान वर करून चौफेर बघायचं. वाळवी, किडे, पडलेली फळं, बिया, काहीही चालतं. बांबू किंवा कारवीला बी धरलं की एरवी विखुरलेले हे पक्षी तिथे गोळा होतात. मोजणाऱ्याला हे माहीत नसेल, तर त्या वर्षी रानकोंबडे वाढले असं तो खुशाल लिहून मोकळा होईल!

दुर्बिणीतून नराची मान दिसली, तर बाकी सगळं बाजूला ठेवून तीच बघावी. काळपट पिसाचा मधला दांडा जागोजागी चपटा होऊन रुंदावतो आणि त्यावर पांढरे, टोकाकडे पिवळसर ठिपके उठतात. ते चकचकीत आणि कडक, मेणाचे थेंब गोठल्यासारखे. विणीनंतर पावसाळ्यात ही पिसं झडतात आणि काही महिने मान साधी काळपट राहते.

याच ठिपक्यांनी पक्ष्याचा घात केला. सामन मासा पकडायच्या गळावर बांधण्याच्या नकली माश्यांसाठी ही पिसं इंग्लंडात जात. 1902 मध्ये भारतातून रानपक्ष्यांच्या पिसांच्या निर्यातीवर बंदी आली, पुढे 1972च्या वन्यजीव कायद्याने शिकारीवर. फासे मात्र आजही लागतात.

हा पक्षी फक्त भारतातला, पण त्याचा वारसा जगभर पोचला आहे. पाळीव कोंबड्यांचा मुख्य पूर्वज लाल रानकोंबडा खरा. तरी अनेक जातींच्या कातडीचा आणि पायांचा पिवळेपणा राखी रानकोंबड्याकडून आल्याचं 2008 मध्ये जनुकांच्या अभ्यासातून पुढे आलं.

वाटेत त्याचं पीस सापडलं, तर उचलू नये. गळून पडलेल्या मोरपिसांना कायद्यात सवलत आहे, रानकोंबड्याच्या पिसांना नाही.